आधी गेलेल्याचं नाव विचारू या

नारायणगावहून मंचरला येत होते. एसटीत शेजारी आमच्याच मोहल्ल्यातला एक कॉलेजचा मुलगा बसला होता. मोबाइलवर कुठल्याशा खुनाचा व्हिडिओ चालू होता: फोटोभोवती लाल गोल, छाती धडधडवणारं संगीत आणि ओरडून बोलणारा निवेदक. मुलगा व्हिडिओ नीट बघतही नव्हता. पुढे ढकलायचा, मागे आणायचा, थांबवायचा, पुन्हा पुढे.

"काय शोधतोयस रे?" मी विचारलं.

"आरोपीचं नाव, आपा."

नाव सापडलं. आपल्यातलं नव्हतं. त्याने सुस्कारा सोडला आणि फोन खिशात टाकला. खरं सांगायचं तर मीही सोडला. घरी येऊन अम्मीला हे सांगितलं, तर तिने एवढंच विचारलं, "और वो बच्ची किसकी थी?"

मला सांगता येईना. जिचा जीव गेला तिचं वय, गाव, आईबाप आहेत की नाहीत, यातलं काहीच मी वाचलं नव्हतं. आरोपी आपला नाही एवढं कळल्यावर माझ्यापुरती बातमी संपली होती.

हे फक्त माझं आणि त्या मुलाचं दुखणं आहे असं मला वाटत नाही. तुमच्यापैकी अनेकांनी हे केलं असेल. गुन्ह्याची बातमी आली की आपण आधी आडनाव चाचपतो. आपलं असेल तर पोटात गोळा येतो, दुसऱ्याचं असेल तर जीव भांड्यात पडतो. दोन्ही वेळा मेलेलं माणूस बाजूलाच राहतं.

आमच्या जुन्नर-आंबेगावात आणखी एका प्रकारचा मृत्यू येतो. उसातून बिबट्या निघतो आणि अंगणातलं लेकरू उचलतो. अशी बातमी आली की गाव पहिला प्रश्न विचारतं, "कुणाचं लेकरू गेलं?" मग माणसं त्या घराकडे धावतात. कुणी आईला धरतं, कुणी चूल पेटवतं, कुणी पाहुण्यांना फोन लावतं. वनखातं, पिंजरा, माणिकडोहचं बिबट निवारा केंद्र, रस्ता रोको, हे सगळं त्यानंतर. बिबट्याचं आडनाव कुणी विचारत नाही, म्हणून गेलेल्या लेकरावरून लक्ष हटत नाही. माणसाने माणसाला मारलं की मात्र प्रश्नांचा क्रम उलटतो.

हा क्रम उलटला कसा, ते समजून घ्यायला हवं. आपली भीती खोटी नाही. एका मुस्लिम आरोपीचा गुन्हा पूर्ण मोहल्ल्याच्या खात्यावर कसा मांडला जातो, दुसऱ्या दिवशी दुकान उघडताना शेजारच्याची नजर कशी बदललेली असते, हे आपण अनुभवलं आहे. २ जून २०१४ रोजी पुण्यात हडपसरला मोहसीन शेख या सोलापूरच्या तरुण आयटी कर्मचाऱ्याला जमावाने मारलं. समाजमाध्यमांवर फिरलेल्या आक्षेपार्ह चित्रांशी त्याचा काही संबंध नव्हता. तो मुसलमान दिसला, एवढंच कारण. २०२३ मध्ये त्या खटल्यातले आरोपी निर्दोष सुटले. ज्या समाजाने हे पाहिलं आहे, त्याच्या मुलाने मोबाइलवर आधी आडनाव शोधलं तर त्याला दोष कसा देऊ?

पण भीती खरी आहे म्हणून तिने लावलेली सवय बरोबर ठरत नाही. या सवयीने आपलंच नुकसान कसं केलं ते बघा.

८ सप्टेंबर २००६. शब-ए-बारातचा दिवस आणि त्यात शुक्रवार. मालेगावात बडा कब्रस्तानाजवळ आणि मुशावरत चौकात स्फोट झाले. तीसहून अधिक माणसं गेली, बहुतेक मुसलमान. त्यानंतर पकडले गेलेले तरुणही मुसलमानच होते. त्यांना विशेष न्यायालयाने आरोपमुक्त केलं ते २०१६ मध्ये. त्यांच्या सुटकेसाठी आपण बोललो, लिहिलं, सभा घेतल्या. ते योग्यच होतं. पण त्या शुक्रवारी जी माणसं घरी परतली नाहीत, त्यांच्यापैकी एकाचं तरी नाव तुम्हाला सांगता येईल? मला येत नव्हतं. निरपराध आरोपींसाठी लढताना आपण आपले मेलेलेसुद्धा विसरलो.

आता २०२५ चा जुलै आठवा. २१ तारखेला मुंबई उच्च न्यायालयाने ११ जुलै २००६ च्या लोकल स्फोटांच्या खटल्यातल्या बाराही जणांना निर्दोष सोडलं. त्यातला एक जण सुटकेआधीच तुरुंगात वारला होता. पुढे सर्वोच्च न्यायालयाने या निकालाचा दाखला इतर खटल्यांत देण्यावर स्थगिती दिली, पण सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवलं नाही. दहाच दिवसांनी, ३१ तारखेला, मालेगावच्या २००८ च्या स्फोटाच्या खटल्यातले सातही आरोपी विशेष न्यायालयाने निर्दोष सोडले. त्या स्फोटात सहा जण गेले होते. आपल्या व्हॉट्सअॅप गटांवर पहिल्या निकालाला मुबारकबाद होती आणि दुसऱ्याला संताप. पलीकडच्या गटांवर नेमकं उलट. दोन्ही बाजूंनी निकालपत्रापेक्षा आडनावं जास्त वाचली. लोकलमध्ये १८० हून अधिक माणसं गेली, भिक्खू चौकात सहा. त्यांच्या घरच्यांचा प्रश्न दोन्ही दिवशी एकच होता: मग आमच्या माणसाला मारलं कुणी? तो प्रश्न कुठल्याच गटाने पुढे पाठवला नाही.

गुन्ह्याकडे बघण्याची दुसरी रीत आहे. ती मला दाखवली एका माहितीपटाने. आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. चारच दिवसांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. पटवर्धन त्यांना ओळखत होते. १९८५ च्या 'हमारा शहर' या त्यांच्या माहितीपटात घोगरे गायले होते.

म्हणजे या माहितीपटाचा उगम गुन्ह्याच्या थरारात नाही, मित्राच्या मयतीत आहे. आपल्याकडे म्हण आहे, ज्याचं जळतं त्याला कळतं. पटवर्धन त्या वस्तीतले नव्हते, त्या जातीतलेही नव्हते. पण एक माणूस गेला आणि तो का गेला हे समजून घ्यायला ते निघाले. त्याला चौदा वर्षं लागली. माहितीपट आला तो २०११ मध्ये.

चौदा वर्षं! आपल्याकडे खुनाचा व्हिडिओ चौदा तासांत शिळा होतो. या चौदा वर्षांत कॅमेऱ्याने काय केलं? तो घराघरांत जाऊन बसला. गेलेल्यांच्या आया, बायका, मुलं यांचं बोलणं त्याने मध्येच कापलं नाही. वस्तीतली गाणी ऐकली, कारण या लोकांचा शोक गाण्यातून बोलतो. खटला रेंगाळत राहिला आणि कॅमेराही थांबून राहिला. २००९ मध्ये गोळीबाराचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला जन्मठेप झाली आणि मग जामीनही मिळाला, तोवर हा माणूस त्या वस्तीत येतच होता.

करुणा म्हटलं की आपल्याला डोळ्यांत पाणी आणणारं काहीतरी वाटतं. या माहितीपटातली करुणा तशी मऊ नाही. जमाव गॅसचा टँकर पेटवणार होता, म्हणून गोळीबार करावा लागला, असं पोलिसांचं म्हणणं होतं. पटवर्धन तो दावा तपासतात. टँकर कुठे होता, गोळ्या कुठे चालल्या, माणसं कुठे पडली, हे चित्रणातून जुळवून बघतात. पुढे न्यायमूर्ती गुंडेवार आयोगानेही गोळीबार असमर्थनीय ठरवला. रडणाऱ्या आईशेजारी बसणं आणि खोट्या दाव्याचा पुरावा मागणं, ही दोन वेगळी कामं नाहीत. आईच्या शोकाचा मान राखायचा असेल तर तिच्या मुलावर टाकलेला खोटा आळ पुसावा लागतो. नुसती हळहळ तेवढं करू शकत नाही.

आणखी एक गोष्ट मला शिकण्यासारखी वाटते. या माहितीपटात दलितांबद्दल वाईटसाईट बोलणारी माणसंही येतात. पटवर्धन त्यांच्यावर ओरडत नाहीत, त्यांना राक्षसही करत नाहीत. साधा प्रश्न विचारतात आणि बोलू देतात. ती माणसं आपल्या शेजारच्यासारखी दिसतात, आणि तेच खरं भयंकर आहे. हीच नजर १९९२ च्या 'राम के नाम'मध्ये दिसते. तिथे अयोध्येच्या त्याच जागेचे पुजारी लालदास मशीद पाडण्याच्या राजकारणाविरुद्ध बोलतात. पुढे १९९३ मध्ये त्यांचाही खून झाला. मी तो माहितीपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा लालदास बोलत असताना माझ्या डोक्यातला 'ते' आणि 'आपण' यांचा हिशोब चुकला. तो चुकायलाच हवा होता. पुढे 'विवेक' या २०१८ च्या माहितीपटात पटवर्धन नरेंद्र दाभोलकर आणि गोविंद पानसरे यांच्या खुनांपर्यंत येतात. २० ऑगस्ट २०१३ ला दाभोलकरांवर गोळ्या झाडल्या गेल्या त्या आपल्याच पुण्यात, सकाळी फिरायला निघालेल्या माणसावर.

आता याच्या शेजारी रोजचे 'क्राइम' व्हिडिओ ठेवा. मयताच्या दारात माईक धरून "तुम्हाला काय वाटतंय?" असं विचारणारे. खून कसा झाला ते नट लावून दाखवणारे. मुलीचं चारित्र्य आधी आणि मृत्यू नंतर सांगणारे. त्यांना मेलेलं माणूस लागतं ते कच्चा माल म्हणून. उद्या दुसरं मिळालं की कालचं फेकून दिलं.

आंबेगावकरांना हे वेगळं सांगायला नको. ३० जुलै २०१४ च्या सकाळी माळीणवर डोंगर आला. एसटीच्या चालकाला नेहमीच्या जागी गावच दिसेना, तेव्हा बाहेर कळलं. १५१ माणसं गेली. डिंभ्याच्या बाजूने गाड्यांची रीघ लागली, कॅमेरेही आले. ढिगाऱ्याखालून हात दिसला की सगळे कॅमेरे तिकडे वळायचे. मग सगळे गेले. २०१७ मध्ये नवं माळीण वसलं. त्यानंतर प्रत्येक पावसाळ्यात त्या घरांतल्या माणसांना रात्री झोप लागते का, हे विचारायला त्यातले किती परत आले? तो खून नव्हता, मान्य. पण दुसऱ्याच्या मरणाकडे बघायची सवय दोन्हीकडे एकच.

इथवर तुम्ही माना हलवत वाचलं असेल. आता जरा अवघड भाग.

करुणेची खरी परीक्षा आरोपी आपला असतो तेव्हा होते. आपल्याच मोहल्ल्यात सून जळते, आणि मयतीला आलेली माणसं हळू आवाजात म्हणतात, "बाहेर कळू देऊ नका, आधीच आपल्यावर डोळा आहे." कुणी मुलीच्या बापाला बाजूला घेतं, रक्कम ठरते, दफन उरकतं. कौमची अब्रू वाचली म्हणतात. त्या मुलीच्या अब्रूचं आणि जिवाचं काय? दंगलीत मारल्या गेलेल्या आपल्या माणसासाठी आपण इन्साफ मागतो, आणि घरात मारल्या गेलेल्या बाईसाठी मागतो तो तडजोडीचा कागद.

यावरही एक माहितीपट आहे. दीपा धनराज यांचा, २०११ सालचा, 'इन्व्होकिंग जस्टिस'. तामिळनाडूत घरगुती भांडणं पुरुषांची जमात सोडवायची आणि बाईचा निवाडा होताना बाईलाच आत प्रवेश नसायचा. पुदुकोट्टईच्या शरीफा खानम आणि त्यांच्या साथीदार बायकांनी २००४ मध्ये स्वतःची महिला जमात उभी केली. पुढे तिचं जाळं अनेक जिल्ह्यांत पसरलं. तलाकपासून मारहाणीपर्यंत आणि थेट खुनापर्यंतची प्रकरणं या बायका हातात घेतात. दीपा धनराज यांचा कॅमेरा त्यांच्यासोबत बसतो, चालतो, पोलीस ठाण्यात जातो. बुरख्यातली बिचारी बाई दाखवून टाळ्या मिळवणं सोपं होतं. इथे दिसतात त्या हुज्जत घालणाऱ्या, कागद मागणाऱ्या, एकमेकींवर वैतागणाऱ्या आणि मागे न हटणाऱ्या बायका. त्यांच्या मजहबची त्यांना लाज नाही, आणि मजहबच्या नावाखाली अन्याय झाकायची तयारीही नाही.

हे लिहिलं की आमच्या बैठकीतला एखादा तरुण हमखास उठतो. "आपा, आपल्यावर चारी बाजूंनी मार पडतोय. अशा वेळी आपलेच दोष आपण चव्हाट्यावर मांडायचे? त्यांच्या हातात कोलीत द्यायचं?" प्रश्न रास्त आहे, टाळून चालणार नाही. ज्यांना कोलीत हवं आहे ते आपल्या गप्प बसण्यातूनही बनवतात. "यांच्यात हे चालतं, म्हणून गप्प आहेत" असं म्हणायला त्यांना आपली चुप्पीच पुरते. उलट आपणच त्या मुलीच्या बापाबरोबर पोलीस ठाण्यात उभे राहिलो, तर गुन्हा त्या माणसाचा राहतो, मोहल्ल्याचा होत नाही. दुसरं उत्तर याहून जुनं आहे. इन्साफसाठी उभे राहा, मग तो स्वतःच्या, आईबापाच्या किंवा नातलगांच्या विरुद्ध जात असला तरी, असा हुकूम सूरह निसामध्ये आहे. आपण तो जुम्म्याच्या खुतब्यात ऐकतो आणि मोहल्ल्यात आल्यावर विसरतो.

मग जुन्नर-मंचरकडच्या तरुणांनी करायचं काय? तुमच्या प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. पटवर्धनांनी सुरुवात केली तेव्हा त्यांच्याकडे होता त्यापेक्षा चांगला. मला काही साध्या गोष्टी सुचतात.

गुन्ह्याची बातमी पुढे पाठवण्याआधी गेलेल्या माणसाबद्दल निदान तीन गोष्टी आपल्याला माहीत आहेत का, ते बघा. नसतील तर पाठवू नका. मात्र विचारणं आणि छापणं वेगळं. लैंगिक अत्याचार झालेल्या व्यक्तीचं नाव किंवा ओळख जाहीर करणं कायद्याने गुन्हा आहे, लहान मुलांच्या बाबतीत तर जास्तच कडक. तिथे नाव मनात ठेवायचं, ओठांवर आणायचं नाही.

चित्रीकरण करणार असाल तर आधी फोन खाली ठेवून बसा. दुःखातल्या घरात पहिल्या भेटीत फोन काढू नका. त्यांनी "नको" म्हटलं तर ते शेवटचं. "हो" म्हटलं तर तयार झालेलं आधी त्यांना दाखवा. वर्षाने परत जा. न्यायालयाच्या तारखेला एकदा तरी त्यांच्यासोबत बाकावर बसा. दिवसभर बसून तारीख पुढे ढकलली जाते, तेव्हा माणसाच्या चेहऱ्यावर काय उमटतं, ते कुठल्याही व्हिडिओत दिसत नाही.

निकाल आला की मथळ्यावर थांबू नका, निकालपत्र वाचा. कुणी खोटं बोललं, कुठे तपास गचाळ झाला, कुणाची साक्ष टिकली नाही, हे तिथे असतं. कठीण वाटलं तर गटाने वाचा. गावात एखादा वकील असतोच.

आणि आरोपीच्या घरीही आई असते, हे विसरू नका. तिचा मुलगा दोषी असेल तर शिक्षा व्हावी. पण तिच्या घरावर दगड पडू नयेत, तिच्या धाकट्या मुलीला शाळा सोडावी लागू नये. ती आई हिंदू असो की मुसलमान. हे म्हणणं गुन्हेगाराची बाजू घेणं नाही. एका गुन्ह्याची शिक्षा दहा माणसांना होऊ नये, एवढीच त्यातली मागणी आहे. हीच मागणी आपण स्वतःसाठी वर्षानुवर्षं करतो आहोत. दुसऱ्यासाठी करता आली तरच ती मागणी, नाहीतर नुसती कुरकुर.

तो एसटीतला मुलगा परवा पुन्हा भेटला. मी अम्मीचा प्रश्न त्याला सांगितला. तो थोडा वेळ गप्प राहिला. मग फोन काढून त्याने ती जुनी बातमी शोधली आणि या वेळी वरून खालपर्यंत वाचली. "बारावीला होती, आपा," तो म्हणाला, "माझ्या बहिणीएवढी."

त्याने सुस्कारा सोडला. या वेळचा सुस्कारा वेगळा होता.